बटणामागचा होयबा

कुमुद टिपणीसांना दिल्लीच्या हिवाळ्यातली थंडी चालायची; तिथल्या हवेची चव चालत नसे. दिवाळी उलटली की इथल्या हवेला चव येते. जळकं रबर, ओली राख आणि वर कसलातरी औषधी कडवटपणा असं काहीतरी जिभेवर बसतं आणि चहानेही जात नाही. लक्ष्मीबाई नगरच्या सरकारी क्वार्टरच्या बाल्कनीत वाळत घातलेला पांढरा रुमाल सकाळी करडा होऊन हाती यायचा. त्या रुमालात नाक शिंकरल्यावर जे निघायचं ते बघून कुमुदताईंना रोज, न चुकता, शिसारी यायची. होईल सवय, असं लोक म्हणत. त्यांना झाली नाही. उलट ज्यांना झाली होती त्या लोकांचीच त्यांना शिसारी येऊ लागली.

त्यांचे यजमान विष्णुपंत रेल्वेच्या हिशेब खात्यातून निवृत्त झालेले. दम्याने पोखरलेला माणूस, पण सकाळच्या फेरीशिवाय त्याला चैन पडायचं नाही. कॉलनीच्या बागेत चार म्हातारे जमत, राजकारणावर तावातावाने भांडत आणि घरी येऊन निवांत पोहे खात. डॉक्टरांनी बजावून ठेवलं होतं की हवा खराब असेल त्या दिवशी घराबाहेर पाऊल टाकायचं नाही. म्हणून विष्णुपंत चपला घालून, गळ्याला मफलर गुंडाळून दारात उभे राहायचे आणि आत हाक द्यायचे, "कुमुद, आज काय?"

कुमुदताई फोनमध्ये बघून सांगायच्या. हिरवं, पिवळं, लाल. लाल म्हटलं की विष्णुपंत मुकाट्याने चपला काढायचे. शेजारच्या कोहलींनी एकदा चिडवलं, "टिपणीस साब, बीवी से पूछकर साँस लेते हो?" तेव्हा ते म्हणाले होते, "बिल्कुल. आँकड़ा उसी का है."

आणि आकडा खरोखरच तिचा होता. केंद्र सरकारच्या ज्या लहानशा कार्यालयात कुमुदताई तांत्रिक अधिकारी होत्या, त्याचं काम हवा मोजायचं. दक्षिण दिल्लीतल्या काही वसाहतींत त्यांची यंत्रं बसवलेली होती. यंत्रांकडून येणारे आकडे पारखून त्यांचा रोजचा एक आकडा, आणि त्यावरून फोनवर दिसणारा रंग, काढणारा प्रोग्राम कुमुदताईंनी स्वतः लिहिला होता. दिसायला अगदीच गरीब. काळा पडदा, त्यावर पांढरी अक्षरं. बटण नाही, चित्र नाही. आज्ञा टाइप करायची, की तो ओळीने उत्तर द्यायचा.

पण त्या गरिबाला एक चांगली खोड होती. तो विचारायचा. एखादा आकडा आजूबाजूच्या आकड्यांहून फारच वर गेला, की तो थांबायचा आणि पडद्यावर प्रश्न टाकायचा: हे आकडे यंत्राच्या बिघाडाचे समजून टाकून देऊ का? वाय की एन, म्हणजे हो की नाही? मग कुमुदताई फोन उचलून त्या वसाहतीतल्या यंत्रावरच्या माणसाला विचारायच्या, "भैया, बाहर निकलकर देखो, क्या दिख रहा है?" कधी तो म्हणायचा, नळीत पाल अडकलीय. तेव्हा त्या वाय दाबायच्या. बहुतेकदा तो खोकत म्हणायचा, "मैडम, सामनेवाली बिल्डिंग नहीं दिख रही." तेव्हा एन. जोवर कुणी उत्तर देत नाही तोवर प्रोग्राम पुढे एक पाऊल टाकायचा नाही. कुमुदताईंनी त्याला तसाच घडवला होता, आपल्यासारखा हट्टी.

मग नवे संचालक आले, भटनागर साहेब. त्यांना काळ्या पडद्याची लाज वाटायची. "मैडम, यह क्या भूतबंगला है? कोई विज़िटर आए तो क्या दिखाएँ?" असं म्हणत त्यांनी गुरुग्रामच्या एका कंपनीला काम दिलं. एक देखणी खिडकी हवी, तीत एकच मोठं बटण हवं, बटण दाबलं की हिरवी खूण आली पाहिजे.

कंपनीने पाठवलेला मुलगा मराठी निघाला. निखिल राजगुरव; जन्म दिल्लीचा, वाढलाही इथेच. मराठी बोलायचा, पण अर्ध्या वाटेत शब्द संपायचे. पहिल्याच दिवशी तो 'मॅडम'वरून 'काकू'वर आला आणि कुमुदताई थोड्या विरघळल्या.

"काकू, तुमचा प्रोग्राम आहे तसाच राहील, टेन्शन नको. माझी खिडकी फक्त वर बसणार. बटण दाबलं की ती मागून तुमच्या प्रोग्रामला चालू करेल, तो काय बोलतो ते ऐकेल आणि अच्छा दाखवेल, कलरमध्ये."

"आणि तो प्रश्न विचारेल तेव्हा?"

"कुठला प्रश्न?"

कुठला ते चाचणीच्या दिवशी कळलं. भटनागर साहेबांनी बटण दाबलं, पडद्यावर चकती फिरू लागली, आणि फिरतच राहिली. साहेबांनी पुन्हा दाबलं. चकती फिरतेच आहे. मागे काळोखात तो बिचारा प्रोग्राम प्रश्न विचारून उत्तराची वाट बघत उभा होता आणि पुढच्या चकचकीत खिडकीत तो प्रश्न दाखवायला जागाच ठेवलेली नव्हती. "हैंग हो गया," साहेब म्हणाले आणि कुमुदताईंकडे असे बघू लागले की जणू त्यांनीच शिंकून ते यंत्र बंद पाडलं.

कुमुदताईंनी निखिलला समजावून सांगितलं. प्रश्न आला की खिडकीत चौकट उघडायला हवी, माणसाने वाचून उत्तर द्यायला हवं, ते उत्तर मागे पोचवायला हवं. निखिलने मान डोलावली. "करतो काकू, पक्का." त्यानंतर कुमुदताईंची बदली झाली ती त्याच इमारतीच्या खालच्या मजल्यावर, प्रशिक्षण विभागात. साहेबांच्या मते आता बटण कुणीही दाबू शकणार होतं. त्यासाठी तांत्रिक अधिकारी कशाला अडकवायचा?

उद्घाटन थाटात झालं. हवा मोजणाऱ्या कार्यालयाच्या दारात प्लास्टिकमध्ये गुंडाळलेले गुच्छ आले. रोषणाईसाठी आणलेला डिझेलचा जनरेटर नेमका कार्यालयाच्याच यंत्राच्या हवा शोषणाऱ्या नळीखाली धूर ओकत उभा केला होता आणि ते कुणालाही खटकलं नाही. समोशाचे तेलकट कागद जिन्याच्या कोपऱ्यात, जिथे आधीच पानाच्या पिंका होत्या, तिथे जाऊन पडले. पाहुण्यांनी बटण दाबलं. हिरवी खूण आली. टाळ्या वाजल्या. कुमुदताई समोसा न खाताच घरी आल्या. इतकं होऊनही त्यांच्या मनात आलं ते एवढंच, की चौकट तरी नीट केली असेल पोराने.

त्या वर्षी हिवाळ्यात आकडे छान येऊ लागले. साहेबांचं कौतुक झालं. विष्णुपंतांची तर चंगळच झाली; लाल दिवस जवळजवळ उरलेच नाहीत. "या वर्षी हवा सुधारली हो," ते पोहे खाताना म्हणायचे. कुमुदताई रुमालाकडे बघायच्या. रुमाल तर पूर्वीपेक्षा काळा होता. पण आकडा आपल्याच प्रोग्रामचा. त्याच्यावर अविश्वास दाखवायचा म्हणजे स्वतःच्या पोटच्या पोराला खोटं पाडण्यासारखं. त्या प्रोग्रामने त्यांना कधी दगा दिला नव्हता.

मग एके दिवशी सकाळी दार उघडल्याबरोबर घशात काट्यासारखं टोचलं. समोरचं कडुलिंबाचं झाड धुरात विरघळून गेलं होतं. विष्णुपंत चपला घालून उभे.

"कुमुद, आज काय?"

कुमुदताईंनी फोन बघितला. पिवळं. पुन्हा बाहेर बघितलं. नाक सांगत होतं नको, डोळे सांगत होते नको.

"पिवळं," त्या म्हणाल्या. "जा. पण लवकर या."

विष्णुपंत चालत आले नाहीत. कोहलींनी आणि माळ्याने त्यांना धरून आणलं, ओठ निळे, छातीतून शिटी वाजल्यासारखा आवाज. इस्पितळात नाकातोंडावर ऑक्सिजनचा मुखवटा चढवल्यावर थोड्या वेळाने त्यांना डोळे उघडता आले. बोलता येत नव्हतं. मुखवट्याआडून त्यांनी बायकोकडे बघितलं. त्या नजरेत राग नव्हता, तक्रार नव्हती, नुसता गोंधळ होता. पिवळं म्हणालीस ना? कुमुदताईंना ती नजर सोसवली नाही. त्या खाटेजवळून उठल्या आणि व्हरांड्यात आल्या.

विष्णुपंतांपाशी कोहलींना बसवून त्या थेट कार्यालयात गेल्या. जुन्या संगणकावर त्यांनी आपला काळा पडदा उघडला आणि त्या सकाळचे कच्चे आकडे प्रोग्रामपुढे ठेवले. प्रोग्राम थांबला. नेहमीसारखा, इमानाने, त्याने विचारलं: हे आकडे टाकून देऊ का? त्यांनी एन दाबलं. गडद लाल. मग त्यांनी तेच आकडे पुन्हा दिले आणि या खेपेला वाय दाबलं. पिवळं.

त्यांनी निखिलला फोन लावला. "चौकट केलीस का रे?"

"काकू, ते... डिझाइन ऑलरेडी अप्रूव्ह झालं होतं ना. साहेब म्हणाले वन क्लिकच पाहिजे, मध्ये काही विचारायचं नाही. मग मी ऑटो केलं."

"ऑटो म्हणजे?"

"म्हणजे प्रोग्रामने काही पण विचारलं तर खिडकी आपोआप वाय पाठवते. नाहीतर ते अडकतं यार. सॉरी, काकू. काही प्रॉब्लेम झाला?"

प्रश्न काय आहे ते न वाचताच हो! काहीही विचारा, हो! कुमुदताईंच्या तळपायाची आग मस्तकात गेली. पण खरं सांगायचं तर राग थोडाच वेळ टिकला; मागे उरली ती किळस. जिन्यातल्या त्या पिंकांकडे बघून यायची तीच, तशीच. या इमारतीत त्या आयुष्यभर होयबांना बघत आल्या होत्या. फाइल न उघडता हो, सही मागितली की हो, वरून फोन आला की हो. त्या सगळ्यांत निदान आपला प्रोग्राम तरी तोंडावर विचारतो याचा त्यांना अभिमान होता. आणि या लोकांनी त्याच्या पुढ्यातच एक होयबा आणून बसवला होता, रंगवून, हिरवी खूण लावून. हिवाळ्यातला प्रत्येक वाईट दिवस तो 'हो, टाका' म्हणत उकिरड्यावर फेकत होता आणि विष्णुपंतांसारखी माणसं चपला घालून बाहेर पडत होती.

त्या साहेबांकडे गेल्या. साहेबांनी विष्णुपंतांची चौकशी केली, "अरे राम राम" म्हणाले, मग मूळ विषय ऐकून खुर्चीत मागे रेलले.

"मैडम, मशीनें पुरानी हैं, गलत आँकड़े देती हैं. सॉफ़्टवेयर हटा देता है. इसमें दिक़्क़त क्या है? आँकड़े तो अच्छे आ रहे हैं ना?"

"सर, मेरे पति ऑक्सीजन पर हैं."

"उम्र भी तो है, मैडम. और अब चौखट-वौखट के लिए कंपनी को दोबारा बुलाना पड़ेगा. अगले साल देखते हैं."

पुढच्या साली! कुमुदताई तिथून निघाल्या. दाराशी पोचल्यावर थांबल्या. खिडकी कंपनीची होती, तिला हात लावता येणार नव्हता. प्रोग्राम मात्र अजून त्यांच्याच नावावर होता; त्याची देखभाल कुणी दुसऱ्याकडे दिलीच नव्हती, कारण तो अजून चालू आहे हेच कुणाच्या लक्षात नव्हतं. त्या मागे वळल्या.

"सर, मेरे पुराने प्रोग्राम में एक सवाल की भाषा ठीक करनी है. कर दूँ?"

साहेब फोनमध्ये बघत होते. "हाँ हाँ, कर दीजिए."

न वाचता हो. कुमुदताईंना हसू आलं, आणि त्या हसण्याचीही त्यांना घाण वाटली.

खाली येऊन त्यांनी एवढंच केलं. 'हे आकडे बिघाडाचे समजून टाकून देऊ का?' हा प्रश्न काढला आणि त्याजागी, वाय म्हटलं की आकडे राहतील असा, नवा घातला: 'हे आकडे खरे धरून ठेवू का?' आता होयबाला काय म्हणायचं ते म्हणू दे. नळीत पाल अडकली तर तो तोही आकडा ठेवेल, हे त्यांना कळत होतं. असलं अर्धवट काम त्यांना मनापासून नावडायचं. चौकट हवी होती, विचार करणारा माणूस हवा होता. पण दोन्ही मिळणार नसतील, तर एखादा दिवस खोटाच लाल दिसला आणि चार म्हातारे घरी बसले, यात कुणाचा जीव जात नव्हता. हा बदल त्यांनी नियमाप्रमाणे साहेबांना लेखी कळवलाही. वाचल्याचं चिन्ह कुठे दिसलं नाही.

विष्णुपंत घरी आले. डॉक्टरांनी थोडं चालायची परवानगी दिल्यावर पहिल्याच सकाळी ते चपला घालून, मफलर गुंडाळून दारात उभे राहिले. बायकोला विचारावं की न विचारावं, असा त्यांचा चेहरा झाला होता. कुमुदताई स्वयंपाकघरातून बघत होत्या आणि त्यांच्या हातातली किसणी तशीच राहिली होती.

तेवढ्यात फोन वाजला. भटनागर साहेब.

"मैडम, यह सब लाल क्यों आ रहा है? ऊपर से फ़ोन आ रहे हैं. आपने कुछ बदला है?"

"जी सर. सवाल बदला है. आपसे पूछा था, लिखकर भी दिया था."

"तो पुरानावाला वापस कर दीजिए ना!"

"कर दूँगी सर. बस एक लाइन लिखकर दे दीजिए, कि ज़हरीली हवा के आँकड़े फेंक दिए जाएँ. नीचे आपके दस्तख़त. दे रहे हैं?"

पलीकडे कुणीतरी खोकलं. साहेबच खोकले असावेत. चकती फिरत राहावी तसा बराच वेळ गेला.

"नहीं, नहीं," साहेब म्हणाले. "रहने दीजिए."

कुमुदताईंनी फोन ठेवला, रुमालात नाक शिंकरलं आणि नेहमीसारखं तोंड वाकडं केलं.

"कुमुद," दारातून दबकत आवाज आला, "आज काय?"

"लाल."

विष्णुपंतांनी तिच्याकडे बघितलं. मग वाकून एकेक करत चपला काढल्या.