उचलीतला अर्धा किस्सा

त्या गावात माणसाच्या वजनाचा काही भरवसा नव्हता. अधूनमधून, भर दुपारी, बादलीतलं पाणी काठाच्या वर फुगून येई आणि मग जे बांधलेलं नाही ते वर जाई: तांब्या, मांजर, सासूबाई. याला उचल म्हणत. लोक दारं-खिडक्या लावून खाटेच्या पट्ट्यात स्वतःला अडकवून घेत आणि एक नियम कसोशीनं पाळत. उचल उतरेपर्यंत कुणी कुणाला हाक मारायची नाही. माणूस ओ द्यायच्या सवयीनं पट्टा सोडतो आणि जातो.

पट्टा सुटलेली माणसं छताला पाय लावून चालत. मागे ठसे राहत. ते पुसून वर रंग मारणं हा आपल्या छतपुश्याचा धंदा. अंगानं रांजण, जिभेनं रहाट. शिडीवर चढला की सुरू. "वहिनी, साहेबांची पावलं फराळाच्या डब्याकडे बरी वळलीत! डाएट चाललंय म्हणत होते ना?"

असा हा बोलघेवडा माणूस उचलीत मात्र तोंडाला कुलूप लावून पडे. त्याला कारण होतं. एका उचलीनं त्याला न्हाणीघरात गाठलं. नळाला लोंबकळत तो सवयीनं ओरडला, "अगं, टॉवेल!" लग्न झाल्यापासून रोज मारलेली हाक. बायकोनंही रोजच्यासारखं हातातलं सोडलं, म्हणजे पट्टा, आणि टॉवेल घेतला. मागचं दार उघडं राहिलं होतं. त्यानं झरोक्यातून पाहिलं तेव्हा ती कौलांच्याही वर गेली होती. टॉवेल हातात, चेहऱ्यावर भीती नाही, नुसता वैताग.

तेव्हापासून प्रत्येक उचलीत छपरावरून आवाज येई. "अहो, टॉवेल हवा होता ना?"

तो ओठ दाबून पडून राही. ओ दिली तर आपण जाणार, हे त्याला ठाऊक होतं. जावंसं वाटेही. पण शेजारच्या खाटेवर लेक असे.

परवाच्या दुपारी पाणी फुगलं, दोघांनी पट्टे आवळले. आवाज आला, पण 'अहो' नाही.

"चिमणे, ये गं वर. केस बघ किती पिंजारलेत. वेणी घालते."

छतपुश्यानं लेकीकडे पाहिलं. लेकीचे केस वर उभे राहून डुलत होते, कुणी हलक्या हातानं कंगवा फिरवावा तसे. तिची मान वर वळली. तिला थांब म्हणावं, तर तीही हाकच! तेव्हा त्यानं भिंतीकडे तोंड केलं आणि भिंतीशीच बोलायला लागला.

"काल वकिलाकडे गेलो होतो बरं का. घरात माणसं दोन, छतावर ठसे तिघांचे!"

"चिमणे..."

"तिसरी पावलं ओली!" तो ओरडला. "वकील म्हणे बायकोची, बायको म्हणे वकिलाची. मी म्हटलं, वकीलसाहेब, तुमचा पाय म्हणजे होडी, हा पाय नाजूक. मग निघालो शिडी घेऊन माग काढत. पलंगावरून, आरशावरून, थेट कपाटापाशी. दार बंद. आतून कुणीतरी खाजवतंय. मी कडीला हात घातला, हळूच ओढली आणि..."

धप्पकन वजन परत आलं. वर तरंगत असलेली चप्पल त्याच्या पोटावर आदळली.

त्यानं वळून पाहिलं. लेक खाटेवरच होती. तिचा पट्टा उघडा लोंबत होता आणि तिच्या मुठीत त्याच्या सदऱ्याची बाही होती.

"कधी सोडलास?" त्यानं विचारलं.

"आईनं पहिली हाक मारली तेव्हाच."

"मग गेली का नाहीस, बाई?"

"अहो बाबा, असा अर्धा किस्सा ऐकून कोण जाईल? कपाटात काय होतं?"

छतपुश्यानं पोटावरची चप्पल खाली टाकली. वकिलाकडे ठसे दोघांचेच होते. कपाट त्यानं पाहिलंसुद्धा नव्हतं.

"सांगेन की. घाई काय आहे?"

"बाबा! आत्ता सांगा!"

"नाही."

ती रुसून चहा टाकायला उठली. तो तसाच पडून राहिला. एरवी वजन परतलं की छपरावर काही नसे. या वेळी कौलं हलकेच वाजत होती, अगदी त्याच्या डोक्यावर. वर कुणीतरी नीट बैठक मारून, कान देऊन बसलं असावं.