भाऊबंदांचं सुतक

कामरगावच्या बड्या जमीनदाराचं आणि आमचं आडनाव एक. तेवढ्याच भांडवलावर मी मेडशीच्या पारावर मिशीला पीळ देत सांगायचो, "ते आमचे भाऊबंदच." आमच्याकडे लग्नानं जोडला जातो तो सोयरा, आणि ज्याच्या मरणाचं सुतक आपल्याला लागतं तो भाऊबंद. यातलं सुतक मी सोयीनं विसरलो होतो.

एके दिवशी जमीनदार वारल्याची खबर आली. दहाव्याच्या सकाळी पारावरचे म्हातारे न्हाव्याला घेऊनच माझ्या दारात हजर. त्यातला एक म्हणाला, "बस खाली. तुह्या भाऊबंदाचं सुतक हाय, अन् मिशी कायले सांभाळून राह्यला?"

नाही म्हणावं तर इतक्या वर्षांची फुशारकी उघडी पडते. बसलो मुकाट्यानं. केस गेले, आणि ज्या मिशीच्या जोरावर हे नातं उभं होतं, तीही गेली.

मग तेरवीला कामरगावला गेलो. जमीनदाराचा मुलगा माझ्या चकोट डोक्याकडे बघतच राहिला. जवळ येऊन, माझा हात हातात घेऊन, फार मायेनं त्यानं विचारलं, "पाव्हणे, तुमच्या घरी कोन वारलं?"