एक ते चार रेकॉर्डिंग चालू

आमची साउंड सर्व्हिस. लग्न, सत्यनारायण, क्रिकेटच्या टुर्नामेंट, सगळीकडे स्पीकर आमचे. वीस वर्षं या धंद्यात काढली, पण सांगण्यासारखे किस्से म्हणाल तर दोन-तीन! कारण आमचा स्पीकर सुरू झाला की कोणाचं बोलणं कोणाला ऐकूच येत नाही. किस्से साठले ते वृषालीमुळे. ती जिथे कामाला बसते तिथे बाकीच्यांना गप्प राहावं लागतं, आणि माणूस गप्प राहिला की काय काय करतो ते बघण्यासारखं असतं. आता टपरीवर एक किस्सा सांगायला घेतला की मागून चार धावत येतात.

वृषाली आमची शेजारीण. मिरजोळ्याच्या एका काजू फॅक्टरीत होती. तिला सुपरवायझर करायचं चाललं होतं, आणि ही बया एक दिवस राजीनामा देऊन घरी! म्हणे एएसएमआरचे व्हिडिओ करणार. म्हणजे काय, तर बारीकसारीक आवाज. नारळ खवल्याचा, डब्यावर नखं वाजवल्याचा, कानाशी कुजबुजल्याचा. लोक हेडफोन लावून ते ऐकतात, त्यांच्या मानेवर मुंग्या येतात आणि छान झोप लागते.

तिचे वडील तात्या. तीस वर्षं बोटीवर इंजिन रूममध्ये होते आणि इंजिनाने त्यांचे दोन्ही कान खाल्ले. त्यांनी वृषालीचा पहिला आवाज कानाला लावून बघितला आणि म्हणाले, "कसला आवाज? मला तर कायच आयकू येत नाय!" मग निकाल दिला. दोन गणपती मुदत. दुसऱ्या गणपतीपर्यंत काही जमलं तर ठीक, नाहीतर सुभाषकाकांबरोबर मुंबईला. तात्यांच्या या धाकट्या भावाने तिच्यासाठी आपल्या ऑफिसात जागा बघून ठेवली होती. वृषाली "बरं" म्हणाली आणि कामाला लागली.

*

पहिल्या व्हिडिओला मी गेलो. साउंडमधला माणूस मी, माझा हक्कच! मिक्सर लावला, माइक लावला, वृषाली भाजलेले काजू फोडायला बसली. बारा मिनिटं फोडले. नंतर हेडफोन लावले आणि लगेच काढून माझ्या हातात दिले. मीही ऐकलं. एकेक काजू असा फुटत होता की जणू गाभाऱ्यात घंटा पडलीय. टाक्क... टाक्क... टाक्क...

"अनंतदादा, हे काय?"

"इको!"

"कशाला?"

मला प्रश्नच कळेना. इकोशिवाय माइक आमच्याकडे कोणी घेतच नाही हो! भटजीकाकासुद्धा पोथी उघडायच्या आधी विचारतात, "इको हाय ना रे?" वीस वर्षांत ते बटण मी शून्यावर आणलंच नव्हतं. त्या दिवशी आणायला गेलो तर जागेवर जाम झालेलं. शेवटी पक्कड आणून फिरवलं!

*

मग प्रश्न आला शांततेचा. सकाळी कोंबडे, एसटी, शेजाऱ्यांचे मिक्सर. संध्याकाळी टीव्ही आणि भजन. वृषाली आठवडाभर अंगणात कान देऊन बसली आणि शेवटी तिला वेळ सापडली. दुपारी एक ते चार!

रत्नागिरीकर जेवला की आडवा होतो, दुकानांची शटरं खाली येतात. बाहेरची माणसं आमच्या या झोपेला नावं ठेवतात आणि आम्ही चारनंतर ऐकून घेतो. पण विचार करा, एवढा मोठा स्टुडिओ दुसऱ्या कोणाला मिळालाय? अख्खी वाडी हिच्यासाठी झोपते!

पुण्याहून एकदा असेच व्हिडिओ करणारे एक गृहस्थ मुद्दाम आले होते. हिची रेकॉर्डिंग ऐकून चाट पडले. भिंतींवरून हात फिरवला, कौलांकडे बघितलं. "इतका सायलेन्स! साउंडप्रूफिंगला वापरलंय काय तुम्ही?"

वृषाली शांतपणे म्हणाली, "कुळथाची पिठी आणि भात."

*

या शांततेत एकच भोक होतं. जैतूनबी. आमच्याकडे मासे घेऊन येते ती. तिची "बांगडेऽऽ" अशी हाळी वाडीच्या या टोकाला दिली की त्या टोकाला मांजरं उठून बसतात, आणि तिची फेरी नेमकी दीड वाजता!

वृषालीने तिला सांगून बघितलं. जैतूनबी म्हणाली, "मी वरडले नाय तर माझे बांगडे काय चालत येतील तुमच्याकडे?" तेव्हा वृषालीने डोकं चालवलं. म्हणाली, "चाची, आज तुझाच व्हिडिओ करूया. मासे साफ कर, कापून दे. फक्त बोलायचं नाय."

"बोलले नाय तर हात कसे चालतील?"

पण बसली. अकरा मिनिटं! खवलं काढल्याचा कर्रर्र आवाज, विळीवर मासा कापल्याचा आवाज, पाण्यात हात बुडवल्याचा आवाज. मी भारावून ऐकत होतो, तेवढ्यात फाटकातून तिचा मुलगा धापा टाकत आत आला. "अम्मी बरी हाय ना? खालच्या वाडीतनं तीन फोन आले, आज आवाज नाय म्हणून!"

रेकॉर्डिंग चालू. जैतूनबीने दिलेला शब्द मोडला नाही. तिने खवल्यांनी भरलेलं बोट ओठांवर ठेवलं आणि मान हलवली.

झालं! आईची वाचा गेली असं समजून मुलाने तिथल्या तिथे डॉक्टरला फोन लावला.

*

एकदा मी वृषालीची परीक्षा घ्यायची ठरवली. तिला डोळे बांधून पाठमोरी बसवली आणि मी काजू फोडत गेलो. फोडल्याबरोबर ती सांगायची, "अख्खा. अख्खा. पाकळी. अख्खा." पाकळी म्हणजे आतला गर दोन भाग होऊन निघालेला. मी उघडून बघत होतो. एक चुकेल तर शपथ!

मग एकाला ती म्हणाली, "किडका."

उघडला तर पांढराशुभ्र, अख्खा गर. मी आनंदाने ओरडलो, "चुकलीस!"

"पोटात बघ," ती म्हणाली.

गर मधोमध उकलला. आत बारीकशी अळी! वीस वर्षं मी आवाज विकतोय आणि मला आवाज म्हणजे काय ते माहीतच नव्हतं, हे त्या मिनिटाला मला कळलं.

"हे तुला शिकवलं कोणी?"

"कोणी नाय. फॅक्टरीत बायका आपसात बोलत असायच्या. माझ्याशी फारसं कोणी बोलायचं नाय. मग मी काजू आयकत बसायचे."

मी उरलेले काजू खात बसलो. तेसुद्धा आवाज न करता.

*

मधेच लांज्याचं एक स्थळ आलं. मुलगा बँकेत, आई ठसकेबाज. तिने विचारलं, "मुलगी करते काय?"

वृषालीच्या आईला एवढंच सांगता आलं, "व्हिडिओत कुजबुजते."

"कोणाबद्दल?"

"कोणाबद्दल नाय ओ, नुसतीच."

"नुसतीच? अहो, विषय असल्याशिवाय कोण कुजबुजेल?"

वातावरण जरा तापलं. मुलगा समजूतदार होता. म्हणाला, "थांब गो आई, आयकून तर बघूया." त्याने हेडफोन लावले. वृषालीचा कोकमं निवडतानाचा व्हिडिओ होता. दोन मिनिटांत त्याची मान कलली, पोहे गार झाले आणि होणाऱ्या सासरी नवरदेव खुर्चीत घोरायला लागले!

त्याच्या आईने त्याला गदागदा हलवून उठवलं आणि हात जोडले. "नको गो बाय. हा मुळातच झोपाळू. तू घरात आलीस तर ह्याची नोकरी जाईल!"

*

राजापूरकडचा एक माणूस आखातात कामाला आहे. वृषालीने पाट्यावर खोबऱ्याचं वाटप वाटलं होतं, त्याखाली त्याने लिहिलं, "ताई, हा व्हिडिओ सहा मिनिटांचा आहे तो वीस मिनिटांचा करा. आम्ही एका खोलीत आठ जण राहतो. ड्युटीवरून आलो की फोन मधे ठेवून हाच लावतो. सहा मिनिटांत सहा जण झोपतात, दोघे राहतात."

वृषालीने दुसऱ्याच दिवशी वीस मिनिटं वाटलं. हात भरून आले तिचे. एवढं वाटप झालं की आमच्याकडे, त्यांच्याकडे आणि जैतूनबीकडे दोन दिवस तेच. आठवड्याने त्याचं उत्तर आलं. "आठही झोपले. फक्त एक सांगा, त्या वाटपाचं केलंत काय?"

तिने लिहिलं, "तिसऱ्यांचं सुकं."

खाडीतल्या शिंपल्यांचं नाव निघताच खाली आठ रडके चेहरे आले. एकेकाने स्वतःचा वेगळा पाठवलेला! या पोरीचं मला तेव्हा इतकं कौतुक वाटलं की तिच्या पाठीवर थाप मारायचीसुद्धा हिंमत झाली नाही.

*

दुसरा गणपती आला. सुभाषकाका मुंबईहून आले, येताना नोकरीचा फॉर्म भरूनच घेऊन आले. "गौरी गेल्या की निघू," म्हणाले. वृषालीला ऐकणारी माणसं तोवर देशोदेशी झाली होती. तात्यांना ते सगळं दाखवलं. तात्या म्हणाले, "लोक म्हणतात जमलं. पण माझ्या पोरीचं काम मला आयकू येत नाय, मग मी कसा सांगू?" त्यांचंही खोटं नव्हतं.

तिने माझ्याकडे सगळ्यात मोठा बेसचा स्पीकर मागितला. ऐन गणपतीत! सगळ्या मंडळांची बुकिंग! पण तिचं तोंड बघितलं आणि एका मंडळाच्या शिव्या खाऊन दिला.

त्याच्या आदल्या आठवड्यात ती हेदवीला दर्शनाला म्हणून गेली होती. हेदवी राहिलं बाजूला, खाडीवरच्या फेरीबोटीतून दिवसभर या काठाहून त्या काठाला करत राहिली, माइक टॉवेलात गुंडाळून बोटीच्या लोखंडी जमिनीला चिकटवून. शेवटी बोटवाल्यानेच विचारलं, "ताई, तुम्हाला उतरायचं नाय काय?"

आता तात्यांचं असं, की बोट सोडल्यापासून त्यांना सलग झोप नाही. बोटीवर आपली वॉच, म्हणजे कामाची पाळी, संपली की ते इंजिनाच्या डोक्यावरच्या केबिनमध्ये पडून घोरायचे. घरी आल्यावर मात्र सगळी वाडी दुपारची झोपलेली असते आणि हे एकटे पडवीत येरझाऱ्या घालत असतात.

त्या दिवशी जेवणं झाली आणि वृषालीने स्पीकर तात्यांच्या लाकडी पलंगाखाली सरकवला. "तात्या, पाच मिनिटं पडा," अशी खूण केली आणि फेरीबोटीचं रेकॉर्डिंग सुरू केलं. आम्हाला फारसं ऐकू येत नव्हतं. पायाखालची जमीन तेवढी घरघरत होती आणि तांब्यातलं पाणी थरथरत होतं. तात्यांनी पलंगाच्या काठावर एक हात ठेवला. मग दुसरा ठेवला. मग कुशीवर वळले.

आणि घोरायला लागले!

वृषालीच्या आईने पदर तोंडाशी धरला. घरात मुंबईची सतरा माणसं, पोराटोरांसकट चिडीचूप. सुभाषकाका काहीतरी बोलायला गेले तर काकूंनी त्यांचं तोंडच दाबलं. दोन तास! माझा स्पीकर चालू असताना माणूस झोपलेला मी जन्मात पहिल्यांदा बघत होतो.

दोन तासांनी रेकॉर्डिंग संपलं. घरघर थांबली, आणि तात्या ताडकन उठून बसले.

"इंजिन कोणी बंद केलंन?"

एवढ्या मोठ्याने ओरडले की गणपतीसमोरची समई थरथरली. तात्यांनी सगळ्यांवरून नजर फिरवली, काकांवरून, माझ्यावरून, आणि मिक्सरपाशी बसलेल्या वृषालीवर येऊन थांबली.

"वॉचवर तू होतीस?"

तिने मान हलवली.

"मग जागा सोडून कुठं जायचं नाय," तात्या म्हणाले आणि पुन्हा आडवे झाले.