पूर्व किनाऱ्याचा रेट

माझं काम नेमकं काय आहे, हे आईला अजून नीट सांगता येत नाही. शेजारणींना ती सांगते, "परदेशी सहली पाठवते." खरं तर मी कुणालाच कुठे पाठवत नाही. गुडगावच्या एका इमारतीत अकराव्या मजल्यावर बसून मी परदेशातल्या हॉटेलांच्या खोल्या ठोक भावात आधीच ठरवून ठेवते. आमची कंपनी त्या खोल्या देशभरातल्या ट्रॅव्हल एजंटांना विकते. इंदूरचं बारा जणांचं कुटुंब समुद्राकडे पाठ करून फोटो काढत असतं, तेव्हा त्यांच्या खोलीचा भाव मी सहा महिन्यांपूर्वी कुणाशी तरी घासाघीस करून उतरवलेला असतो.

चार वर्षं माझ्याकडे श्रीलंका होती. 'माझ्याकडे होती' असंच आम्ही म्हणतो, देश म्हणजे जणू फाइल. एकाकडे थायलंड, दुसऱ्याकडे बाली, माझ्याकडे श्रीलंका. तिथे पेट्रोलसाठी मैलभर रांगा लागल्या होत्या, त्यांचा रुपया कोसळला होता, त्या दिवसांतच ती फाइल माझ्याकडे आली. सकाळी चहा पिताना बातम्यांत त्या रांगा पाहायच्या आणि अकरा वाजता तिथल्या हॉटेलवाल्यांना फोन लावून म्हणायचं, "सर, आता तुम्हाला रेट कमी करावाच लागेल." बहुतेकांनी केला. दुसरीकडून कुणी येतच नव्हतं. त्या वर्षी माझी खूप वाहवा झाली. साहेब सगळ्यांसमोर म्हणाले, "यार, इसने तो कमाल कर दिया."

त्या हॉटेलवाल्यांमध्ये पूर्व किनाऱ्यावरची एक बाई होती. बावीस खोल्यांचं हॉटेल ती आणि तिचा भाऊ चालवत. वयानं माझ्याहून बारा-तेरा वर्षांनी मोठी असावी, पण फोनवर मला 'मॅडम' म्हणायची. जनरेटरला डिझेल मिळत नव्हतं, तेव्हाही म्हणाली, "मॅडम, पाहुणे पाठवा. मेणबत्त्या लावीन, पण जेवण गरम देईन." मी पाठवले. रेट मात्र मला हवा तोच लावून घेतला. पुढच्या वर्षी परिस्थिती सुधारली, तरी रेट तिथेच राहिला, कारण तो वाढवायला तिला कारण दाखवावं लागणार होतं आणि तिचं कारण ऐकून घेणं माझ्या कामात बसत नव्हतं.

या नोकरीत मला स्वस्थ बसता येईनासं झालं होतं. मयूर विहारहून मेट्रोत चढलं की राजीव चौकापर्यंत मी तीन वेळा फोन बघायची. आपल्या लोकांना काय आवडेल, याचा नेम नसतो. कुठल्यातरी देशानं व्हिसा माफ केला, दिल्लीहून थेट विमान सुरू झालं, कुणीतरी निळ्या पाण्याची रील टाकली, की आठवडाभरात सगळे एजंट एकाच ठिकाणचं विचारायला लागतात. काल बाली, आज व्हिएतनाम, उद्या कझाकस्तानचा बर्फ. दर सोमवारी स्क्रीनवर प्रत्येक देशाच्या बुकिंगच्या रंगीत रेषा दिसायच्या. आपल्या देशाची रेष खाली वळली की मी लगेच एजंटांना फोन लावायला घ्यायची. तिथे उतरलेल्या रेषेखाली किती घरं आहेत, हे त्या स्क्रीनवर नसायचं. मलाही ते माहीत करून घ्यायचं नसायचं.

गेल्या हिवाळ्यात माझी रेष वळली. साहेबांनी सांगितलं, "फेब्रुवारीच्या पर्यटन मेळ्यात सगळे हॉटेलवाले दिल्लीला येतायत. प्रत्येकाकडून अजून कमी करून घे. नाही तर आपण तो माल व्हिएतनामला वळवू." माल म्हणजे माणसं.

ती बाईही येणार होती. तिनं मेल करून विचारलं, रविवारी दिल्लीत पोहोचते, मेळा सोमवारी आहे, भेटता येईल का? मी तिला कोपर्निकस मार्गावरच्या एका उपाहारगृहात मराठी जेवायला नेणार होते. आई म्हणाली, "चार वर्षं फोनवर बोलतेस आणि बाहेर जेवायला घालतेस? घरी आण."

घरी आई, बाबा आणि मी. बाबा सैन्यातून सुभेदार म्हणून निवृत्त झाले. मूळ सातारा जिल्ह्यातले, पण माझं सगळं लहानपण दिल्ली कँटमध्ये गेलं, त्यामुळे माझं मराठी आईच्या मते 'खिचडी'. बाबा कमी बोलतात. माझ्या जन्माच्या वेळी ते श्रीलंकेत शांतिसेनेबरोबर होते आणि मुलगी झाल्याची तार त्यांना बारा दिवसांनी मिळाली, एवढंच त्या दिवसांबद्दल घरात माहीत होतं. तेही आईनं सांगितलेलं. त्यांनी स्वतः कधी तो विषय काढला नव्हता आणि मी चार वर्षं त्याच देशाच्या खोल्या विकत होते, तरी त्यांनी मला एक प्रश्नही विचारला नव्हता.

रविवारी दुपारी ती करोल बागेतल्या हॉटेलातून टॅक्सीनं आली. मी फोनवरच्या आवाजावरून कुणीतरी नाजूक, घाबरट बाई कल्पिली होती. आली ती उंच, सावळी, केस आखूड कापलेली, आणि दारात चपला काढता काढता तिनं आमच्या जिन्याची अवस्था एका नजरेत पाहून घेतली. हॉटेलवालीची नजर. आईच्या हातात तिनं ताडाच्या गुळाची पेटी दिली. आईनं तिथेच तुकडा तोडून तोंडात टाकला आणि म्हणाली, "अगं, कोकणातल्या माडाच्या गुळासारखा लागतो की!" मी ते इंग्रजीत सांगितलं. पुढचे दोन तास माझं हेच काम होतं, इकडचं तिकडे करणं.

आईनं भरीत, ज्वारीची भाकरी आणि मटणाचा रस्सा केला होता. मासे मुद्दाम केले नव्हते. म्हणाली होती, "समुद्राकाठच्या बाईला मी यमुनेकाठी कसले मासे खाऊ घालू?" जेवण चांगलं चाललं होतं. माझा फोन मात्र ताटाशेजारी सारखा उजळत होता. साहेबांचे मेसेज होते: *बोललीस का? किती म्हणते?* मी फोन उलटा ठेवला.

बाबा अचानक म्हणाले, "तिला सांग, मी तिच्या भागात होतो. चौदा महिने."

चौदा हा आकडा मी पहिल्यांदाच ऐकत होते. मी सांगितलं. तिनं हातातली भाकरी खाली ठेवली.

"कधी?"

बाबांनी वर्षं सांगितली.

"मी तेव्हा सातवीत होते," ती म्हणाली.

बाबांचा चेहरा खुलला. मला वाटतं, त्यांना तिला खूश करायचं होतं. पाहुणीच्या भाषेतले दोन शब्द बोलून दाखवावेत, असं कुणालाही वाटेल. ते म्हणाले, "तमिळ मला येतं थोडं. तण्णी!" म्हणजे पाणी. तीही हसली आणि तिनं तांब्या त्यांच्याकडे सरकवला. मग बाबा सरसावून बसले आणि त्यांच्या जुन्या, कवायतीच्या आवाजात म्हणाले, "निल्लु! पो! कै तूक्कु!"

तिचं हसू गेलं.

"काय म्हणालात हो?" आईनं विचारलं. मला तमिळ येत नाही, पण आवाजावरून आणि त्यांच्या हातवाऱ्यांवरून कळलं. थांब. जा. हात वर कर.

आपण काय बोललो, ते बाबांना बोलून झाल्यावर ऐकू आलं. ते माझ्याकडे बघून मराठीत म्हणाले, "आम्हाला तेवढेच शब्द शिकवले होते. तिला सांग." मी सांगितलं, पण माझी इंग्रजी वाक्यं तुटत होती. अशा वेळी ऑफिसात मी पटकन विषय बदलते. इथे विषयच सापडेना.

ती बाबांकडे वळली. मग म्हणाली, "उच्चार चांगला आहे. पण मोठ्या माणसाला, अनोळखी माणसाला आम्ही असं बोलत नाही. निल्लुंगो म्हणायचं. थांबा."

"निल्लुंगो," बाबा म्हणाले.

"आणि वांगो. या."

"वांगो."

पासष्ट वर्षांचे माझे बाबा एका परक्या बाईसमोर शाळेतल्यासारखे शब्द म्हणत होते. आईनं पाहुणीच्या वाटीत न विचारता रस्सा वाढला.

"माझे वडील सायकलवरून कामाला जायचे," ती पुढे म्हणाली. "चौकीपाशी उतरून सायकल हातात धरून चालावं लागायचं. तुम्ही लोक परत गेलात, चौकी उठली, तरी ते कित्येक महिने त्या जागी उतरायचे. आम्ही मुलं हसायचो."

याचं भाषांतर करावं की नाही, मला कळेना. मी काहीतरी गुळमुळीत बोलायला लागले, तशी ती मला म्हणाली, "नाही मॅडम, नीट सांगा." मी नीट सांगितलं.

बाबांनी मान हलवली. "उतरायला लावायचो. खरं आहे." मग त्यांनी विचारलं, "आता काय आहे तिथे?"

"सर्फिंगच्या फळ्या भाड्यानं देणारं दुकान. इस्रायल, युरोप, ऑस्ट्रेलियातली मुलं येतात. आणि तुमच्या मुलीनं पाठवलेली माणसं."

टॅक्सीपर्यंत सोडायला मी खाली गेले. गेटपाशी तिनंच विचारलं, "उद्या तुम्ही रेट कमी मागणार, हो ना?"

"हो."

"किती?"

मी सांगितलं. खोटं बोलण्यात अर्थ नव्हता. तिनं मान डोलावली आणि म्हणाली, "उद्या उत्तर देते. आज मी जेवायला आले होते."

सोमवारी प्रगती मैदानात प्रचंड गर्दी होती. प्रत्येक देशाचा मांडव, ढोल, मुखवटे, फुकट चहा. साहेब माझ्या शेजारी बसले होते, म्हणून मी माझ्या नेहमीच्या आवाजात बोलले. म्हणजे त्या आवाजात, जो घरी कुणी ऐकलेला नाही. मार्केट शिफ्ट झालंय, व्हिएतनाम स्वस्त पडतंय, लहान मुलं फुकट ठेवावी लागतील, नाश्ता धरूनच भाव द्या. ती ऐकत राहिली. साहेबांनी शेवटी तिच्याकडे पेन सरकवलं.

"मी तुमचा जुना रेट कसा पाळला, ते सांगू?" ती म्हणाली. "आधी आमच्या गावातले कोळी रोज सकाळी मासे आणून द्यायचे. ते बंद करून मी शहरातून गोठवलेले मासे घ्यायला लागले. चादरी धुणाऱ्या तिघी बायका होत्या. त्यांना काढून मशीन घेतलं. बागेतला माणूस काढला. मग तुमच्याच पाहुण्यांनी लिहिलं, जेवणाला चव नाही, बाग सुकलेली. आता अजून कमी करायला माझ्याकडे काढण्यासारखं कुणी उरलं नाही. मी आणि भाऊ सोडून."

"मॅडम, सगळ्यांना ॲडजस्ट करावं लागतं," साहेब म्हणाले.

"हो. मी चार वर्षं केलं. या वर्षी नाही."

तिनं पेन परत सरकवलं आणि उठून गेली. मला एकाच वेळी सुटल्यासारखंही वाटलं आणि तिचा रागही आला. काल आमच्या घरी जेवली आणि आज साहेबांसमोर मला तोंडघशी पाडलं, असलं काहीतरी क्षुद्र मनात येऊन गेलं. ते मी लपवणार नाही. त्या दिवशी उरलेल्या सगळ्या हॉटेलांकडून मी रेट कमी करून घेतला. कोणीच तिच्यासारखं बोललं नाही. मी कोणाला विचारलंही नाही, की तुम्ही कुणाला काढणार.

महिनाभरात श्रीलंका माझ्याकडून गेली. साहेबांनी ती एका नव्या, तडफदार मुलीला दिली आणि मला व्हिएतनाम दिलं. बढती म्हणून दिलं, बिल्कुल हसत हसत.

त्यानंतर बाबांची एक नवी सवय सुरू झाली. आठ-दहा दिवसांनी ते पेपर खाली ठेवून विचारतात, "त्या बाईच्या हॉटेलात माणसं येतात का?" मी फोनवर तिच्या खोल्या रिकाम्या दिसतात का, ते बघते. उन्हाळ्यात बऱ्याच रिकाम्या दिसायच्या. मी बाबांना 'ठीक चाललंय' सांगायची. मग मी तिला मेल केला. माफी मागण्याचा विचार होता, पण तीन वेळा लिहून खोडलं आणि फक्त कशा आहात, एवढंच विचारलं. तिचं उत्तर आठवड्यानं आलं, पहिल्यांदाच 'मॅडम' शिवाय, नुसत्या नावानं. सीझनचा पहिला भाग वाईट गेला. भावाला कोलंबोत नोकरी धरावी लागली. मग योग शिकवणाऱ्या एका युरोपियन गटानं आठ खोल्या लांबच्या मुदतीनं घेतल्या. कोळी पुन्हा मासे आणतात. धुणाऱ्या तिघींपैकी एकच परत आली, बाकीच्या दोघी आखातात घरकामाला गेल्या. वडिलांना नमस्कार सांगा.

मी ते बाबांना वाचून दाखवलं. त्यांनी त्या दोन बायकांबद्दल परत विचारलं, कुठे गेल्या म्हणालीस? मग म्हणाले, "आपण जाऊन येऊ. तुझ्या आईलाही दाखवू."

"मला अजूनही कंपनीच्या भावात खोली मिळू शकेल," मी म्हणाले.

"नको," बाबा म्हणाले. "तिचा जो भाव असेल, तो देऊ."

अजून जाणं झालेलं नाही. आईच्या गुडघ्याचं ऑपरेशन मध्ये आलं, मग आई-बाबांच्या पासपोर्टची पडताळणी पत्त्याच्या घोळात अडकली. बाबा दर सोमवारी पासपोर्ट ऑफिसात खेपा घालतायत. मी दर सोमवारी ऑफिसात स्क्रीनसमोर बसते. व्हिएतनामची रेष अजून चढती आहे. तिथल्या एका किनाऱ्यावर एक माणूस आहे, चाळीस खोल्यांच्या हॉटेलचा मालक, फोनवर फार अदबीनं बोलतो. गेल्या आठवड्यात त्याला रेट विचारताना मी पहिल्यांदाच विचारलं, तुमच्याकडे कामाला किती जण आहेत? तो गोंधळला. त्याला वाटलं, मी हीसुद्धा सवलत मागायची नवी पद्धत काढलीये. घाईघाईनं म्हणाला, "कमी करता येतील, मॅडम."