मशीन इकडंच राहू द्या

“घरी विचारा आधी,” बँकेतला अधिकारी म्हणाला.

माझं क्रेडिट कार्डाचं स्टेटमेंट त्याने पाहिलंही नव्हतं. कागद टेबलावर माझ्याच बाजूला होता. मी ज्या ओळीवर बोट ठेवलं होतं, तिथे कुठल्याशा एंटरप्रायजेसचं नाव होतं. ते नाव मी कधी ऐकलं नव्हतं. त्यांच्याकडून काही घेतलं नव्हतं. रक्कम माझ्या महिन्याच्या पगाराच्या निम्म्याहून जास्त.

“पिन मारून झालेला व्यवहार आहे, मॅडम. पिन तुमच्याशिवाय कोणाला ठाऊक? भाऊबिऊ असेल की घरात.”

“भाऊ आहे. त्याने कार्डाला हात लावलेला नाही.”

“तसंच वाटतंय सगळ्यांना.” मग माझ्या अर्जावरचं आडनाव त्याने वाचलं आणि शेजारच्या टेबलाकडे बघून हसला. “तुमच्या लोकांत कार्ड एकाचं असतंय अन् वापरतंय सगळं घर. घ्यायचं कशाला मग कार्ड?”

शेजारच्या टेबलावरची बाई हसली नाही. तिने मान खाली घातली आणि ती शिक्के मारत राहिली. ठप्. ठप्. शाईचा ओला वास माझ्यापर्यंत येत होता.

मी बिदरच्या एका शाळेत मराठी शिकवते. कविता शिकवताना मुलांना सांगते, शब्दाचं वजन आधी कानाने तोलून बघा. ‘तुमच्या लोकांत’. या दोन शब्दांचं वजन मला तोलावं लागलं नाही. ते मी चालायला लागल्यापासून उचलते आहे.

आणि तरीही मी घरी जाऊन विचारलं.

माझा धाकटा भाऊ माझ्याजवळच राहतो, बिदरलगतच्या कोळार औद्योगिक वसाहतीत एका गोदामात काम करतो. संध्याकाळी येतो तेव्हा त्याच्या अंगाला पुठ्ठ्याचा आणि सुतळीचा वास असतो. तो मोरीत हातपाय धूत होता. मी कागद घेऊन दाराशी उभी राहिले.

“माझं कार्ड तू कधी घेतलतास का रे?”

नळ वाहतच राहिला.

“कामून?”

“बँकेत विचारायलेत.”

“बँकेत विचारायलेत का तू विचारायलीस, अक्का?”

एका परक्या माणसाने तोंडावर फेकलेलं वाक्य मी पदरात बांधून घरी आणलं होतं आणि माझ्याच भावाच्या ताटात वाढलं होतं. अपमान असाच घरात येतो. आपण स्वतः त्याला उचलून आणतो.

त्याने हात पुसले. माझ्या हातातला कागद ओढून घेतला. ओलसर अंगठ्याचा ठसा त्यावर उमटला.

“ही तारीख बघ की. ह्या दिवशी तर तू माझ्या साखरपुड्याची साडी आणलीस. हितंच खाली साडीचंबी हाय.” तो माझ्याकडे बघत नव्हता. “कार्ड कुणाच्या हातात दिलतीस?”

कुणाच्या हातात. तेव्हा सगळं आठवलं.

बिदरमधलं नावाजलेलं कापडाचं दुकान. पांढऱ्या खोळीच्या गाद्या, उदबत्ती, आणि नव्या कापडाच्या खळीचा कोरडा, किंचित आंबट वास. त्यांनी मला गादीवर बसवलं होतं. मॅडम म्हणत होते. चहा सांगितला होता. मोरपंखी रंगाची साडी माझ्या मांडीवर उलगडलेली होती, तिची जर बोटांना खरखरत होती, तेव्हा शेठने सहज विचारलं,

“गाव कुठलं, मॅडम?”

“चिंताकी.”

“औरादकडचं व्हय? चिंताकीला आमचं येणंजाणं हाय की. कुठल्या गल्लीत घर?”

हा प्रश्न आमच्या भागात पत्त्यासाठी विचारत नाहीत. मी गल्ली सांगितली. खोटी सांगता येते. मी कधी सांगितलेली नाही.

साडी माझ्या मांडीवरून उचलली गेली. सांगितलेला चहा आला नाही. मॅडमची बाई झाली.

माझ्या आधी एका बाईंनी पैसे चुकते केले होते. त्यांच्यापुढे शेठने मशीन दोन्ही हातांनी धरलं होतं आणि त्या आकडे दाबत असताना मान दुसरीकडे वळवली होती. माझी पाळी आली. मी कार्ड पुढे केलं. त्याने काचेकडे बोट दाखवलं. “ठेवा तिथं.” मी ठेवलं. त्याने ते कडेला नखांनी धरून उचललं. मी मशीनसाठी हात पुढे केला.

“मशीन इकडंच राहू द्या. पिन सांगा, आम्ही मारतो.”

आणि मी सांगितला. मोठ्याने.

कुणी विचारेल, शिकल्यासवरल्या बाईने असं का करावं? चिंताकीच्या किराणा दुकानात आई मला तेल आणायला पाठवायची. ओट्याच्या पायरीवर बाटली ठेवायची आणि मागं व्हायचं. दुकानदाराकडे आमच्या गल्लीसाठी वेगळं नरसाळं होतं, पत्र्याचं, लांब नळीचं, त्याचं माप आमच्या बाटलीला लागू नये म्हणून. तेलाची धार उंचावरून यायची. सोनेरी, न तुटणारी, उन्हात पेटल्यासारखी. मला ती सुंदर वाटायची. मी तिला सुंदर म्हणत मोठी झाले, ही गोष्ट मला आज सगळ्यात जास्त झोंबते. अंतर असं अंगात मुरतं. समोरच्याने वस्तू आपल्याकडे ओढून घेतली की पाऊल आपोआप मागं जातं, आणि मागितलेलं तोंडातून निघून जातं.

“एक नऊ पाच सहा.”

तो आकडा आज इथे लिहायला हरकत नाही. मी तो बदलला आहे. पण हा आकडा ठेवणारी मी एकटी नसणार. आमच्या माणसांनी जुना धर्म टाकला आणि बुद्धाची वाट धरली, ते हे वर्ष. अप्पांच्या सायकलीच्या मडगार्डवर ते निळ्या रंगात रंगवलेलं होतं. कार्ड आलं, चार आकडे निवडायला सांगितले, तेव्हा दुसरं काही सुचलंच नाही. ज्या आकड्याने आम्हाला ताठ उभं केलं, तो मी पायरीखाली उभ्या असलेल्या मुलीच्या आवाजात उच्चारला.

शेठने गादीवर बसलेल्या माणसाकडे पाहिलं. “छप्पन्न! आता पिनमधीबी जात घेऊन फिरायलेत.”

दोघं हसले. काउंटरच्या खाली बटणांचे चार बारीक सूर वाजले.

“रेंज न्हाई. दुसऱ्या मशीनवर मारतो.”

पुन्हा चार सूर. मला आवाज येत होते, पडदा दिसत नव्हता. माझा जुना फोन नंबर बंद पडला होता, नवा बँकेत नोंदवायचा राहिला होता. त्यामुळे बँकेचे संदेशही माझ्यापर्यंत आले नाहीत.

दुसऱ्या दिवशी शाळा सुटल्यावर मी त्या दुकानासमोर जाऊन उभी राहिले. दर्शनी भागावर दुकानाचं मोठं, दिव्यांनी उजळलेलं नाव. आणि बाजूला जिन्याखाली, चपला काढायच्या जागेच्या वर, पत्र्याची लहानशी पाटी. एंटरप्रायजेस. माझ्या स्टेटमेंटमधलं तेच नाव.

मी तक्रार लिहून बँकेत नेली. या वेळी अधिकाऱ्याने ती वाचली.

“पिन तुम्हीच सांगितलात म्हणायलात?”

“हो.”

“कशाला सांगितलात?”

“मशीन माझ्या हातात दिलं नाही.”

“का दिलं नाही?”

मी अर्जातल्या एका वाक्यावर बोट ठेवलं. तिथे लिहिलं होतं, ‘माझी जात कळल्यावर दुकानदाराने मशीन माझ्या हाती दिले नाही, म्हणून मला पिन मोठ्याने सांगावा लागला.’

त्याला ठाऊक होतं. या गावात गल्लीचं नाव विचारणाऱ्या प्रत्येकाला ठाऊक असतं.

“हे कशाला मध्ये? इथं लिहा, ‘माझ्या निष्काळजीपणामुळे’. साधं, सरळ.”

निष्काळजीपणा. मी? बाटली कुठे ठेवायची, सावली कुठे पडते, कुणाच्या माठाजवळून जायचं नाही, कुणाच्या अंगणात आवाज खाली आणायचा. आयुष्यभर काळजीशिवाय मी दुसरं केलं काय?

“ते मी लिहिणार नाही,” मी म्हणाले.

तो उठून आतल्या खोलीत गेला. फोनवर कन्नडमध्ये बोलला, मध्येच हसला. परत आला तेव्हा त्याचा आवाज मऊ झाला होता.

“शेठ म्हणायलेत, चुकून दोनदा मारलं गेलं. रोख देतायत, आज संध्याकाळी. आपले जुने खातेदार आहेत ते. तुम्ही फक्त ते एक वाक्य काढा अन् तक्रार मागं घ्या. झालं.”

पैसे मला हवे होते. भावाचं लग्न समोर होतं. मी ‘विचार करून सांगते’ म्हणाले, आणि त्या शब्दांचीही मला लाज वाटली.

भावाला सांगितलं. तो भाकरी मोडत होता.

“घे की मग. लग्नात बरं पडतंय.” घास तोंडाशी नेता नेता तो थांबला. “पर थांब. पैसे घेतलीस, वाक्य काढलीस, तर बँकेत काय राहतंय? घरातल्यानंच मारला पिन, असंच राहतंय न्हव? म्हंजे मीच.”

मी मान हलवली.

“मग नगं घेऊ.” त्याने घास खाल्ला. मग पहिल्यांदाच माझ्याकडे बघून म्हणाला, “अन् साडी कुठल्या दुकानची ते नवरीला सांगू नको, अक्का. न्हाईतर नेसायचीच न्हाई. मग तेबी पैसे बुडाले.”

मी हसले.

सकाळी बँकेत गेले. “वाक्य आहे तसं राहील. अर्ज वर पाठवा. पोच द्या.”

“पैसे मिळत असताना कोण नको म्हणतंय, मॅडम? तुम्ही तर शिकलेल्या.”

“पोच द्या.”

शेजारच्या टेबलावरच्या बाईने माझ्या प्रतीवर शिक्का मारला. ठप्. प्रत टेबलाच्या कडेला सरकवली. मी ती उचलली नाही. माझा हात पुढे होता, तो तसाच पुढे ठेवला. तिने वर पाहिलं. बराच वेळ पाहिलं. मग प्रत उचलून माझ्या हातात दिली.

महिन्याभराने बँकेचं उत्तर आलं. पिन ग्राहकाने स्वतः उघड केला, सबब जबाबदारी ग्राहकाची. माझ्या वाक्याचा उत्तरात उल्लेख नाही. जणू ते मी लिहिलंच नव्हतं. ती रक्कम मी हप्त्याहप्त्याने भरते आहे, दर महिन्याला, दात आवळून.

त्यांनी वगळलेलं वाक्य मी पुन्हा लिहिलं. एक अर्ज बँकांच्या तक्रारी ऐकणाऱ्या लोकपालांकडे गेला आहे. एक पोलिसांत, कारण चोरी हा गुन्हा आहे आणि जात बघून मशीन हातात न देणं हाही गुन्हा आहे. ठाण्यातही मला विचारलं, हे जातीचं कशाला, चोरीचं तेवढं लिहा. मी दोन्ही लिहिलं. दोन्ही एकाच काउंटरवर, एकाच वेळी, एकाच माणसाने केलं आहे.

परवा अधिकाऱ्याचा फोन आला. “अजून किती दिवस ताणणार, मॅडम?”

मी ते वाक्य त्याला फोनवर वाचून दाखवलं. सावकाश, वर्गात वाचते तसं, एकही शब्द न गिळता. त्याने मध्येच फोन ठेवला. मी शेवटपर्यंत वाचलं.

मशीन माझ्या हातात आल्याशिवाय आता कुठल्याही काउंटरवर मी आकडा उच्चारणार नाही. आणि त्या दिवशी ते का आलं नाही, हे लिहिलेलं नसेल अशा कुठल्याही कागदावर माझी सही मिळणार नाही.