पप्पांचा दम

मी काय काम करते, हे आईला अजून शेजारणीला नीट सांगता येत नाही. "गाणी करती," एवढंच ती म्हणते. म्हणजे गाते का, असं समोरून आलं की जरा अडखळते आणि मग सांगते, "गाती बी, आन् कंप्युटरवर शिजवती बी." आधी मी चिडायचे. आता वाटतं, यापेक्षा नेमकं मलाही सांगता आलं नसतं. गाणं मी लिहिते, चाल मी लावते, गाते मीच, आणि ढोलकीपासून व्हायोलिनपर्यंत सगळं कंप्युटरवर बसवतेही मीच. पुण्यात याला मोठं इंग्रजी नाव आहे. आमच्या नागापुरात शिजवणं.

माझा स्टुडिओ म्हणजे घराची मागची खोली. आवाज घुमू नये म्हणून भिंतींना आईच्या गोधड्या टांगल्यात. थंडीत पाहुणे आले की आई त्यातल्या दोन काढून नेते, आणि पाहुणे जाईपर्यंत माझं रेकॉर्डिंग बंद. एकदा मी भांडले तर म्हणाली, माणसं गारठू द्यायची का तुझ्या गाण्यापायी?

सुरुवात गाण्यांनी नाही झाली. रिक्षावर भोंगा लावून फिरवतात ना, त्या जाहिरातींनी झाली. श्रीगोंद्याच्या साडीच्या दुकानाची जाहिरात मी केली, कोपरगावच्या एका क्लासची केली. "त्वरा करा" हे दोन शब्द मी आयुष्यात इतक्या वेळा म्हटलेत की आता कुणी त्वरा करा म्हटलं की मी मुद्दाम सावकाश चालते. पण त्या कामात एक गोष्ट पक्की शिकले, ती म्हणजे दम कापणं. जाहिरातीतल्या बाईनं श्वास घेतलेला चालत नाही. दोन वाक्यांच्या मधला तो बारीकसा 'ह्' कंप्युटरवर दिसतो, तो हळूच उचलायचा आणि कडेला करायचा. बाई मग न थांबता बोलत राहते. मला त्या कौशल्याचा गर्व होता.

आणि आमच्या घरात दम हाच सगळ्यात मोठा विषय.

पप्पा वीस-बावीस वर्षं इथल्याच एका कारखान्यात लोखंडाचे ओतीव भाग घासायच्या कामाला. तोंडाला रुमाल बांधायचे, बस्स. घरी आले की रुमाल काळा आणि नाकाखाली काळी मिशी, खरी मिशी नसताना. आता छातीत ती धूळ बसलीय. डॉक्टर म्हणाले, गेलं ते येणार नाही, आहे ते जपा. जिना चढला की दम लागतो, मोठ्यानं हसले तरी लागतो. आई म्हणते दम खा, ते म्हणतात मला दम देऊ नको. हे आमचं रोजचं चालू असतं.

पण हाच माणूस एकेकाळी गायचा, आणि काय गायचा. जयंतीच्या गाण्यांची त्यांची गायन पार्टी होती. कामावरून सुटले की पेटी, ढोलकी टेम्पोत टाकून गावोगाव. "त्या गानाऱ्यात दम हाय," असं लोक म्हणायचे, तेव्हा तो शब्द कौतुकाचा होता. चार वर्षांपूर्वीच्या जयंतीला, आमच्याच विहारापुढच्या स्टेजवर, अंतऱ्याच्या ऐन मध्यात त्यांचा दम संपला. ओळ तशीच राहिली. मागच्या मंडळींनी ती उचलून धरली, लोकांना कदाचित कळलंही नसेल. पप्पांना कळलं. खाली उतरताना हसत म्हणाले, इंजिन गरम झालं. त्यानंतर ते स्टेजवर चढेनात. दरवर्षी खाली सतरंजीवर बसून टाळ्यांनी ताल धरायचे, आणि मी त्यांच्याकडे बघायचं टाळायचे.

गेल्या वर्षी माझं एक गाणं बऱ्यापैकी फिरलं. गोधड्यांच्या खोलीतून निघून ते कुठल्या कुठल्या पोरींच्या मोबाईलवर पोचलं. मग पुण्याच्या एका कंपनीचा फोन आला. नव्या गायकांची गाणी ते लोकांपुढे आणतात. पुढचं गाणं आमच्याकडे द्या, म्हणाले, आणि त्यात जरा गावाकडचा रंग असू द्या. गावाकडचा म्हणे. अरे बाबा, आमच्याकडे सकाळी कोंबडा नाही, कंपनीचा भोंगा उठवतो. फोन ठेवून मी तणतणत होते आणि तेवढ्यात एक जुनी ओळ डोक्यात आली.

मी लहान असताना पप्पा मला शाळेतून सायकलवर आणायचे, पुढच्या दांडीवर बसवून. मी वाटेत रडारड करायचे, खेळायला सोडा म्हणून. मग त्यांनीच जुळवलेलं ते म्हणायचे:

सावली लांबली, चल घरी जाऊ,
भाकर निवंल, चल घरी जाऊ.

एवढंच. पुढं काही नाही. घर येईपर्यंत तेच तेच. मी ठरवलं, गाण्यात ही ओळ येणार, आणि येणार तर त्यांच्याच आवाजात.

पप्पा आठ दिवस तयार झाले नाहीत. घसा बसलाय, पुढच्या रविवारी बघू, तूच म्हन की, तुझा आवाज बरा हाय. खरं कारण त्यांनाही माहीत होतं आणि मलाही. शेवटी मी एका रविवारी सकाळी चहा हातात देऊन त्यांना सरळ माइकपुढे बसवलं. हेडफोन त्यांनी घेतला नाही. कानात ताल मोजणारी टिकटिक नको, मला काय घड्याळ बसवायचंय का, म्हणाले. मग डोळे मिटून नुसतंच गायले. आवाज खरखरीत झालाय, पण सूर जागच्या जागी. मात्र दर ओळ संपली की ते मान वळवून तोंड गोधडीकडे करायचे, तिकडे धाप टाकायचे आणि परत माइककडे यायचे. मला पाठमोरं बसून काही दिसत नाही असं त्यांना वाटत होतं. समोरच्या कंप्युटरच्या काळ्या पडद्यात मला सगळं दिसत होतं.

झाल्यावर उठले आणि दारात थांबले. "एक कर बाळा," म्हणाले, "माझा दम त्यातून काढून टाक. लोकांनी गानं ऐकावं, माझी धाप न्हाई."

मी हो म्हटलं. ज्या कामात मी तरबेज तेच त्यांनी मागितलं होतं. एकेक दम उचलला आणि कडेला केला. काही फेकून द्यायचं नाही ही माझी सवय, म्हणून सगळे होते त्याच वेळेला कंप्युटरवर एका वेगळ्या पट्टीवर, म्हणजे ट्रॅकवर, ठेवले आणि पट्टीला नाव दिलं 'दम'. त्यांची ओळ आता तुपासारखी वाहत होती. त्यांच्या गाण्याच्या वेगाला टिकटिक जुळवून घेतली, वर वाद्यं बसवली, माझा आवाज भरला आणि पुण्याला पाठवलं. ते खूश. तारीखही ठरवून टाकली. मी तर हवेत.

आईला ऐकवलं. ती पीठ मळत होती. ओळ आली तसा तिचा हात थांबला. संपल्यावर म्हणाली, चांगलं हाय, आणि परत मळायला लागली. माझ्या आईचं 'चांगलं हाय' दोन प्रकारचं असतं. हे दुसऱ्या प्रकारचं होतं. मी खोदून विचारलं तेव्हा बोलली.

"तुमी दोघं गल्लीच्या तोंडाला आले की मला त्यांची धाप आधी ऐकू यायची, गानं मागनं. ती धाप ऐकून मी तव्यावर भाकर टाकायची. ह्याच्यात धापच न्हाई. ह्यो मानूस घरी येत न्हाई, ह्यो नुसता गातोय."

मी उसळलेच. त्यांनीच काढायला सांगितलंय, मी काय हौसेनं काढलाय का? तर आई म्हणते, त्यांचं काय ऐकती, दवाखान्यात बी म्हणत होते मला काही झालं न्हाई.

खोलीत आले आणि नुसती ती 'दम' नावाची पट्टी सुरू केली. बाकी सगळं बंद. चुकून टिकटिक तेवढी चालू राहिली होती. पप्पांचे श्वास, गोधडीकडे तोंड करून टाकलेले, लांबून आल्यासारखे. टिक टिक टिक टिक, ह्. टिक टिक टिक टिक, ह्. मी पुन्हा ऐकलं. प्रत्येक दम बरोबर समेवर. ज्या माणसानं ताल मोजणारी टिकटिक कानाला लावून घेतली नव्हती, त्याची धाप तालात पडत होती. मला रडू आलं. सांगायला लाज कसली, चांगली हमसून रडले.

मग पप्पांना बोलावलं. ते स्वयंपाकघरातला बिघडलेला मिक्सर उघडून बसले होते, हातात पाना तसाच. आपली धाप ऐकली आणि चेहरा उतरला. "हे काढ म्हनलं हुतं ना मी." मी टिकटिकीचा आवाज जरा वाढवला. ते दारातच उभे होते. थोड्या वेळानं त्यांच्या हातातला पाना चौकटीवर हलकाच वाजायला लागला.

"चढ हाय ह्यो," ते म्हणाले. "कारखान्यामागचा, तुझ्या शाळेच्या वाटंवरचा. चार पायडलला एक ओळ अन् मग दम. तू दांडीवरनं मागं सरकायची, म्हनून जास्त लागायचा."

मी विचारलं, ठेवू का गाण्यात?

"ठेव," म्हणाले. आणि जाता जाता, "पन लई मोठ्यानं नको."

मी सगळे दम जागच्या जागी परत बसवले. वाद्यं त्या ओळीपुरती काढून टाकली, ताल फक्त त्यांच्या धापेचा. पुण्याच्या लोकांना ते पटलं नाही. रेकॉर्डिंग खराब आहे असं ऐकणाऱ्याला वाटेल, आधीचंच स्वच्छ पाठवा, असं त्यांनी फार गोड शब्दांत सांगितलं. मी त्यांना जे सांगितलं त्यात गोड फारसं नव्हतं. मग हे गाणं तुम्हीच इंटरनेटवर टाका, म्हणाले. मी टाकलं. पहिल्या गाण्याइतकं नाही फिरलं. वाईट वाटलं, वाटलं नाही असं कशाला म्हणू. पुण्याचा फोन परत आलेला नाही, आणि मी पुन्हा एकदा लोकांना त्वरा करायला सांगतेय.

यंदाच्या जयंतीला मंडळींनी पप्पांना नेहमीसारखं वर बोलावलं, नेहमीसारखं म्हणजे नाही म्हणणार हे धरूनच. पप्पा उठले. आईनं माझा दंड घट्ट धरला. त्यांना वर खुर्ची दिली, ते खुर्चीवर बसून गायले, तेच गाणं, चार वर्षांपूर्वी अर्ध्यात राहिलेलं. अंतऱ्याच्या मध्यात दम लागला. ढोलकीवाल्यानं ठेका चालू ठेवला. मी समोर सतरंजीवर बसून टाळ्या धरल्या होत्या आणि या वेळी त्यांच्याकडेच बघत होते. पप्पा थांबले, छाती भरून दम घेतला, सगळ्या वस्तीला ऐकू गेला असा. आणि तो घेताना त्यांनी माइक तोंडापासून बाजूला नेला नाही.