केस क्रमांक दोनशे बारा

सुखराम मेश्रामला माणसं लक्षात राहतात ती त्यांच्या जनावरांवरून. कोणी लग्नाची पत्रिका घेऊन दारात आलं, की पत्रिका हातात घ्यायच्या आधी तो विचारतो, "तुमच्या भुऱ्या म्हशीचं थान बरं झालं का?" म्हैस मरून नऊ वर्षं झालेली असतात आणि पत्रिका मालकाच्या नातवाची असते. बायकोला ताप आला तर त्याचा पहिला प्रश्न असतो, "पानी पिऊन राह्यली का?" दुसरा प्रश्न रवंथाचा असतो, तो विचारायच्या आत ती त्याला घराबाहेर काढते.

तो बालाघाट जिल्ह्यात कटंगीजवळच्या एका खेड्यात गोसेवक आहे, म्हणजे गुरांचं औषधपाणी करतो. तीस वर्षांपूर्वी सरकारने सहा महिने शिकवून एक पिशवी आणि एक प्रमाणपत्र दिलं. गावानं दुसऱ्याच दिवसापासून त्याला डॉक्टर म्हणायला सुरुवात केली. सुखरामनं आधी लोकांना टोकून पाहिलं. लोक ऐकत नाहीत म्हणून मग सोडून दिलं, असं तो सांगतो. खरं म्हणजे त्याला ते आवडत होतं.

त्याची पद्धत साधी. जनावरासमोर उभं राहायचं, थोडा वेळ काही बोलायचं नाही, आणि मग म्हणायचं, "हे तं लोकेशच्या गोऱ्ह्यावानी झालं." लोकेशच्या गोऱ्ह्याला काय दिलं होतं ते आठवायचं, समोरचं जनावर थोराड असेल तर मात्रा वाढवायची, आणि पाजायचं. जनावर उठलं तर घरी येऊन वहीत लिहायचं. मेलं तरी लिहायचं. या दुसऱ्या गोष्टीचा त्याला फार अभिमान होता. बाकीचे गोसेवक उठलेली जनावरं लिहितात आणि मेलेली देवाच्या हवाली करतात, असं तो चारचौघांत बोलून दाखवी.

या वह्यांचा बोभाटा बालाघाटपर्यंत गेला आणि एक दिवस मंजू आली. मंजू बालाघाटचीच, नागपूरला कॉम्प्युटर शिकून आता एका संस्थेत कामाला होती. जिथं गुरांचा डॉक्टर पोचत नाही अशा साठ गावांतल्या गोसेवकांसाठी संस्था फोनमध्ये एक अक्कल भरत होती. जनावराची लक्षणं टाका, फोन इलाज सांगेल. अक्कल आणायची कुठून, तर सुखरामकडून. मंजूचं मराठी आजीकडून आलेलं होतं आणि जिथं आजी कमी पडे तिथं ती हिंदीत जाई.

"काका, पोट फुगलं तर काय द्यायचं?" तिनं पहिल्या दिवशी विचारलं.

"कोनाचं?"

"कोणाचंही."

"कोनाचंही पोट फुगत नाई, बाई. कोनाचं तरी फुगते."

तीन आठवडे हे असं चाललं. मंजूला नियम हवे होते, अमुक असेल तर तमुक करा, या साच्याचे. एकशे चाळीस नियम झाले आणि प्रत्येकाला सुखरामनं एकेक 'पन' लावला. सदतिसावा नियम तिनं वाचून दाखवला: हिरवा चारा जास्त खाऊन डावी कूस फुगली असेल तर तेल आणि खायचा सोडा पाजावा.

"हौ," सुखराम म्हणाला. "पन गजेंद्रच्या गायीले नाई."

"क्यों? तिला काय वेगळा आजार आहे?"

"आजार नाई. थे गाय तेल पाह्यलं का लाथ मारते."

मंजूनं लॅपटॉप मिटला आणि दोन दिवस आलीच नाही. तिसऱ्या दिवशी आली ती म्हणाली, नियम राहू द्या, तुमच्या वह्या द्या. आता यंत्रात सगळ्या जुन्या केसी भरायच्या. नवीन जनावर आलं की यंत्र आधीची सगळ्यात मिळतीजुळती केस शोधून काढेल आणि तेव्हा काय केलं ते सांगेल. इलाज लागू पडला तर नवी केसही जमा करायची. चुकला तर दुरुस्त करून जमा करायची.

सुखरामनं शांतपणे ऐकून घेतलं. "हे तं मी तीस साल झाले करून राह्यलो."

"हो."

"मंग मशीन कायले पाह्यजे?"

"तुम्ही साठ गावांत नाही ना, काका."

त्यानं पेटी उघडून वह्या काढून दिल्या.

सहाशे बारा केसी निघाल्या. मंजू वाचायची, विचारायची, फोनमध्ये भरायची. दोनशे बाराव्या केसपाशी ती थांबली. पुनाराम लांजेवार, पांढरा बैल, भाद्रपद. दात कराकरा खातो, कान थरथरतात, तोंडाला फेस, कूस फुगलेली, पाय लटपटतात. निदान, साप. इलाजाच्या रकान्यात नुसती आडवी रेघ. मेला.

"इलाज की जगह डॅश क्यों है?"

"टाइम नाई भेटला," सुखराम म्हणाला आणि पाणी प्यायला आत गेला. मंजूनं रेघेच्या जागी शून्य टाकलं.

त्या नोंदीतली लक्षणं सगळी खरी होती. लक्षणांत खोटं लिहायचं त्याच्या हातून झालंच नसतं. खोटं होतं ते पुढच्या दोन रकान्यांत. अकरा वर्षांपूर्वी पुनारामनं धानावर फवारायला बालटीत युरिया कालवून ठेवला आणि तो जेवायला गेला. बैल ते पाणी प्यायला. सुखराम पोचला तेव्हा कूस फुगलेली होती. त्याला लोकेशचा गोऱ्हा आठवला आणि त्यानं तेलात मूठभर सोडा कालवून पाजला. अर्ध्या तासात बैल आडवा झाला. रिकामी बालटी सुखरामला त्यानंतर दिसली. तेवढ्यात पुनारामनं विचारलं, "डॉक्टर, झालं काय?" गोठ्याच्या भिंतीला सरपणाचा पुरुषभर उंच ढीग लावलेला होता. सुखरामनं ढिगाकडे पाहिलं आणि म्हणाला, "साप."

दोन महिन्यांनी बालाघाटला प्रशिक्षण होतं. तिथं मोठ्या डॉक्टरांनी सांगितलं, की युरिया पोटात गेला तर थंड पाणी आणि सिरका, म्हणजे व्हिनेगर, भरपूर आणि लगेच. सोडा चुकूनही देऊ नका, जनावर दुप्पट लवकर जातं. सगळ्यांनी लिहून घेतलं. सुखरामनं लिहिलं नाही. त्या दिवसापासून त्याच्या पिशवीत सिरक्याच्या दोन बाटल्या असतात, आणि कोणी विचारलं तर तो चटणीसाठी आहेत म्हणतो.

इकडे पुनारामनं साप कोणाचा ते ठरवून टाकलं होतं. सरपण बायकोचं, म्हणजे साप बायकोचा. चंपाबाईनं त्याच संध्याकाळी सगळा ढीग उचलून दोन शेतं पलीकडच्या बांधावर नेला. तेव्हापासून रोजची चूल पेटायच्या आधी ती बांधावर जाते आणि डोक्यावर मोळी घेऊन येते. पावसातही आणि कंबर धरलेली असतानाही. पाहुण्यांपुढं, व्याह्यांपुढं पुनाराम सांगतो, "हिच्या काड्यांपायी माहा बैल गेला." ती मान खाली घालते, कारण तिलाही ते खरंच वाटतं. पहिल्याच आठवड्यात बांधाच्या वाटेवर मोळी घेतलेली चंपाबाई समोरून आली आणि "बरे हा का, भाऊ?" म्हणाली. सुखरामला मेल्याहून मेल्यासारखं झालं. मग तो नहराच्या, म्हणजे कालव्याच्या, रस्त्यानं जाऊ लागला. तो दीड किलोमीटर लांब पडतो. तिकडून हवा चांगली लागते, असं त्यानं बायकोला सांगितलं.

यंदाच्या भाद्रपदात मंजू यंत्राची परीक्षा घ्यायला आली होती. सकाळी नऊला सुखरामच्या फोनवर पुनारामचा फोन आला: गाय गाभण आहे, पाच महिने झाले, आणि अचानक कशीतरीच करून राहिली आहे. सुखराम मंजूला लुनावर मागं बसवून निघाला. घाईत त्यानं बांधाचा सरळ रस्ता धरावा की नहराचा, याचा विचार केला आणि नहराचाच धरला.

गोठ्याच्या दारातूनच त्याला दात ऐकू आले. गाय कराकरा दात खात होती, कान थरथरत होते, ओठांवर फेस होता. त्यानं गायीकडे पाहायचं सोडून बालटी शोधली. कोपऱ्यात होती. तेव्हाची काळी होती, ही निळी.

मंजूनं लक्षणं भरली. फोन मोठ्या आवाजात बोलायचा, कारण बऱ्याच गोसेवकांना चष्मा लागलेला होता. "मिलान इक्यानबे प्रतिशत," फोन म्हणाला. "प्रकरण क्रमांक दो सौ बारह. पशुपालक, पुनाराम लांजेवार. निदान, सर्पदंश. उपचार, शून्य. परिणाम, मृत्यु."

आपलं नाव यंत्रात आहे हे ऐकून पुनाराम क्षणभर सरळ उभा राहिला. मग तो वळला. चंपाबाई नुकतीच बांधावरून आली होती; मोळी अजून डोक्यावर होती.

"पाह्य! मशीनबी तेच सांगून राह्यली. पुन्हा साप!"

"काड्या तं पल्याड बांधावर हायेत," ती हळू म्हणाली.

"मंग त्या मोळीतून आला असन."

चंपाबाईनं मोळी गोठ्यापासून लांब नेऊन ठेवली आणि तिथंच उभी राहिली.

सुखरामनं पिशवीतून दोन्ही बाटल्या काढल्या. "थंड पानी आना, दोन बालट्या. सिरका पाजाचा हाय."

"सापाले सिरका?" पुनारामनं विचारलं.

"हौ. चालते."

हे इथंच निभलं असतं. गाय वाचली असती, साप तसाच राहिला असता. सुखरामच्या मनात नेमकं हेच होतं. पण मंजूचे डोळे चमकले. "साप के लिए सिरका? काका, हे तुम्ही कधी सांगितलंच नाही! दुरुस्ती टाकते. आज शाम तक साठों गाँव के फोन में चला जाएगा." तिचा अंगठा काचेवर चालू लागला.

सुखराम त्या अंगठ्याकडे पाहत राहिला. कुठल्यातरी गावात खरोखर साप चावलेल्या जनावराला कोणी सिरका पाजत बसेल. कुठं युरिया प्यायलेली गाय असेल आणि फोन सांगेल, शून्य. आणि तिथंही कोणाच्या तरी बायकोचं सरपण गोठ्याला लागून असेलच. आजवर खोटं त्याच्या पेटीत होतं, कुलपात.

"नोको टाकू," तो म्हणाला.

"काय झालं?"

"साप नाई हाय. तवाबी नोता." मग तो पुनारामकडे वळला, कारण हे फोनला सांगून भागणार नव्हतं. "पुनाराम, तुहा बैल युरियाचं पानी पेला होता. मीनं त्याले सोडा देल्ला. सोड्यानं मेला. साप मीनं मनानं सांगतला."

गाय दात खात होती.

"मारायचं असन तं मंग मारजो," सुखराम म्हणाला. "आता गायबी युरियाच पेली हाय अन् दोन बाटल्यांनं भागत नाई. बसस्टॉपवरच्या चाऊमीनवाल्याकडे पळ. जेवढा सिरका असन तेवढा आन."

पुनाराम पळाला. माफ केलं म्हणून नाही. गाय गाभण होती म्हणून. तो पाच बाटल्या घेऊन आला आणि मागोमाग चाऊमीनवालाही आला, कारण इतकं चाऊमीन कोणाकडे होतंय ते त्याला पाहायचं होतं. सुखराम गायीचं तोंड धरून बांबूच्या नळीनं थोडं थोडं पाजत राहिला, चंपाबाई पाणी आणत राहिली. बाराच्या सुमारास कान थांबले. मग दात थांबले. मग गायीनं रस्त्यापर्यंत ऐकू जाईल अशी ढेकर दिली आणि चाऊमीनवाला आपल्या ठेल्यावर परत गेला.

पुनाराम उंबऱ्यावर बसला. निळी बालटी त्याच्या समोरच होती. तेव्हाची काळी बालटी कोणी ठेवली होती, हे कोणी बोललं नाही, आणि त्यालाही कोणाला विचारावं लागलं नाही.

"अकरा सालं," तो शेवटी सुखरामला म्हणाला, "तू माह्या घरी चाय पेत राह्यला."

"नाई पेलो," सुखराम म्हणाला. ते खरं होतं.

मंजूनं दोनशे बारा नंबरची केस उघडली. सुखरामनं सांगितलं, तिनं लिहिलं. निदान, युरिया. उपचार, सोडा, चुकीचा. परिणाम, मृत्यू. इलाज करणाऱ्याचं नाव काढायचं का, असं तिनं विचारलं. तो म्हणाला, माझं राहू दे.

"और कुछ?"

"लिव्ह," चंपाबाई म्हणाली. सकाळपासून ती दुसऱ्यांदाच बोलत होती. "काड्यांचा काई संबंध नोता."

मंजूनं रकाने खालपर्यंत पाहिले. "काकू, त्याच्यासाठी इथं जागाच नाही."

"बनव," सुखराम म्हणाला.

तिनं सगळ्यात खाली 'अन्य'मध्ये ते लिहिलं आणि बरोबर बसलं का पाहायला फोनला वाचायला लावलं. फोननं सगळं त्याच सरकारी आवाजात वाचलं आणि शेवटी म्हणाला, "अन्य जानकारी. लकड़ियों का कोई संबंध नहीं था."

"पुन्हा लाव," चंपाबाई म्हणाली.

मंजूनं पुन्हा लावलं. चंपाबाईनं ते पूर्ण ऐकलं, पदरानं डोळे पुसले, मोळी उचलली आणि गोठ्याच्या भिंतीला, जिथं पूर्वी ढीग होता तिथं, आणून टाकली. मग उंबऱ्याकडे पाहून म्हणाली, "बाकीच्या तुमी आना."

पुनाराम उठला आणि बांधाकडे चालू लागला. सुखरामनं पिशवी खाली ठेवली आणि तोही त्याच्या मागं निघाला. त्या वाटेनं तो अकरा वर्षांत पहिल्यांदाच जात होता.